मनगटातलं शेंगेएवढं हाड: पडल्यापासून पुन्हा घड उचलेपर्यंत

पडताना माणूस हात पुढे करतोच. तळहात जमिनीवर आपटतो, मनगट मागे मुडपतं आणि अंगाचा सगळा भार अंगठ्याच्या मुळाशी असलेल्या एका लहानशा हाडावर येतो. डॉक्टर त्याला स्कॅफॉइड म्हणतात, मराठीत नौकाकृती अस्थी. मला त्यात नौका कधी दिसली नाही. एक्स-रेच्या फोटोत ते भुईमुगाच्या दोनदाणी शेंगेसारखं दिसतं. साधारण तेवढंच लांब, आणि मधे कमरेत आवळलेलं. मोडतंही बहुतेक वेळा त्या कमरेतच.

मी डॉक्टर नाही. चोपडा तालुक्यात केळी आणि कपाशी करणारा शेतकरी आहे. जूनच्या पहिल्या पावसात पाटाच्या कडेने येताना मोटारसायकल घसरली आणि उजवा हात टेकला. त्यानंतर वर्षभर जे भोगलं, आणि डॉक्टरांना व फिजिओला प्रश्न विचारून विचारून जे समजलं, ते इथे क्रमाने लिहितो. एक गोष्ट आधीच सांगतो, कारण पुढे ती वारंवार येणार आहे. या हाडाच्या बाबतीत दुखण्यावर भरवसा ठेवू नका. मोडल्यावर ते म्हणावं तेवढं दुखत नाही, आणि जुळलेलं नसतानाही दुखायचं थांबतं.

पायरी १: पडल्या दिवशी

अंगठी, कडं, घड्याळ, बांगड्या, मनगटाचा दोरा, सगळं लगेच काढा. सूज चढली की अंगठी कापून काढावी लागते. बर्फ कापडात गुंडाळून १५-२० मिनिटं ठेवा, थोड्या वेळाने पुन्हा. मनगटाखाली जाड पुठ्ठा घेऊन रुमालाने सैलसर बांधा आणि हात गळ्यात अडकवा.

चोळायचं नाही, ओढायचं नाही, शेकायचं नाही. आंबेहळद-तुरटीचा लेप घरोघरी लावतात. मुक्या मारावर त्याने बरं वाटतही असेल, पण मोडलेलं हाड त्याने जुळत नाही, आणि लेपाखाली सूज-जखम झाकली जाते ती वेगळीच.

मनगट वाकडं दिसत असेल, जखम उघडी असेल, बोटं बधिर होत असतील, मुंग्या थांबत नसतील, किंवा बोटं पांढरी-निळी पडत असतील, तर रात्र असली तरी निघा. गाडी दुसऱ्याला चालवू द्या. १०८ ची गाडी आहेच.

पायरी २: खाच दाबून बघा

ठेंगा दाखवतो तसा अंगठा ताठ वर करा. हाताच्या पाठीकडच्या बाजूला, अंगठ्याच्या मुळाशी दोन शिरा (स्नायूंच्या दोऱ्या, रक्ताच्या नव्हे) उभ्या राहतात आणि त्यांच्यामधे एक खाच पडते. विलायतेत पूर्वी तपकीर ओढणारे याच खाचेत चिमूट ठेवायचे, म्हणून शरीरशास्त्रात तिला तपकिरीच्या डबीचंच नाव आहे. त्या खाचेच्या तळाशी आपलं हाड आहे.

तिथे दुसऱ्या हाताच्या बोटाने हळूच दाबा. मग तळव्याच्या बाजूने, अंगठ्याच्या उंचवट्याच्या मुळाशी जिथे टेंगळासारखं हाड लागतं तिथे दाबा. मग अंगठ्याचं टोक धरून तो मनगटाकडे आत ढकला. प्रत्येक वेळी चांगल्या हाताशी ताडून बघा, कारण धडधाकट हाताची खाचही जोरात दाबली की दुखते. पडलेल्या हाताला स्पष्ट जास्त दुखलं तर हाड मोडलं असं समजूनच पुढे चालायचं, मग सूज असो वा नसो.

जास्त करून हे हाड तरण्या पोरांचं मोडतं. गाडीवरून, कबड्डीत, क्रिकेटमधे, झाडावरून पडून. म्हाताऱ्या माणसांचं, विशेषतः बायांचं, तसं पडल्यावर बहुधा त्याच्या मागचं, कोपराकडून येणारं मोठं हाड मनगटापाशी मोडतं. त्याचा उपचार वेगळा.

पायरी ३: फोटो, आणि दुसरा फोटो

माझा हात फसला तो इथे.

दवाखान्यात मनगटाचे दोन फोटो काढले. एक सरळ, एक आडवा. डॉक्टरांनी प्रकाशापुढे धरले आणि म्हणाले, हाड शाबूत आहे, मुका मार आहे. ताणाची पट्टी आणि गोळ्या दिल्या, दुखलं तर आठ दिवसांनी या म्हणाले. आठ दिवसांनी फारसं दुखत नव्हतं. मग कशाला जातो? घरी आलो तेव्हा ओट्यावर बसलेल्या नानांनी विचारलं, "काय व्हयनं हातले?" मी म्हटलं, काही नाही, लचकला. हेच मी पुढे जवळजवळ तीन महिने सगळ्यांना सांगत होतो.

या हाडाची चीर पहिल्या फोटोत बऱ्याच जणांची दिसत नाही. त्यात डॉक्टरांची चूक असतेच असं नाही. चीर केसासारखी बारीक असते, हाड तिरपं बसलेलं असतं, आणि आजूबाजूची हाडं त्यावर सावली टाकतात. म्हणून तीन गोष्टी करा.

फोटो काढतानाच सांगा की अंगठ्याच्या खाचेत दुखतंय, स्कॅफॉइडचे फोटो हवेत. त्यासाठी मनगट करंगळीकडे झुकवून वेगळे कोन घेतात, एकूण चारेक फोटो होतात. तसं झुकवलं की हे हाड लांबीत उघडं पडतं आणि चीर दिसण्याची शक्यता वाढते.

फोटो साफ आला आणि खाच दुखतेच आहे, तर प्लास्टर किंवा अंगठ्याला आधार देणारा पट्टा घालून १० ते १४ दिवसांनी पुन्हा तपासणी आणि पुन्हा फोटो. एवढ्या दिवसांत मोडलेल्या कडांचं हाड थोडं विरघळतं आणि चीर रुंद दिसू लागते. या दहा-बारा दिवसांत हात बांधलेला राहिला आणि शेवटी हाड शाबूत निघालं, तर तुमचं नुकसान काय? दहा दिवस डाव्या हाताने जेवलात, इतकंच.

घाई असेल, पोलीस भरती तोंडावर असेल, पोट हातावर असेल, तर थेट एमआरआयचं विचारा. न दिसणारी चीर सर्वांत आधी तोच पकडतो, पडल्यानंतर दोन-तीन दिवसांतसुद्धा. सीटी स्कॅनचं काम वेगळं. तुकडा किती सरकला आणि नंतर हाड जुळलं का, हे सीटी चांगलं सांगतो. खान्देशात या सोयी आता जळगाव-धुळ्यात मिळतात. नवापूरकडचे लोक सुरत गाठतात.

आणि एक. फोटोची फिल्म किंवा सीडी मागून घ्या. मोबाईलवर काढलेल्या फोटोच्या फोटोवर दुसऱ्या डॉक्टरांना केसाएवढी चीर दिसणार नाही.

हाड बसवणाऱ्याकडे जावं का

प्रत्येक तालुक्यात एखादं गाव असतंच, जिथे हाड बसवणारा माणूस आहे आणि अमावास्येला रांग लागते. सरकलेला खांदा तिथे बसल्याचं मी डोळ्यांनी पाहिलं आहे, म्हणून त्यांची टिंगल करणार नाही. पण हे हाड तिथल्या कामाचं नाही. मोठी हाडं जुळताना भोवती गाठ धरतात, ती हाताला लागते. या हाडाचा सुमारे ८० टक्के पृष्ठभाग सांध्याच्या गुळगुळीत कुर्चेने झाकलेला आहे, त्यामुळे बाहेरून तशी गाठ जवळजवळ धरतच नाही. हाताने चाचपून ते जुळलं की नाही हे कुणालाच कळणार नाही. आणि ओढून-चोळून जो तुकडा सरकलेला नव्हता तो सरकला, तर प्लास्टरवर भागलं असतं तिथे ऑपरेशन गळ्यात पडतं.

कांडवेल, म्हणजे हाडसांधी, पोटात घ्यायची असेल तर डॉक्टरांना सांगून घ्या. प्लास्टरच्या जागी तिचा लेप बांधून बसू नका.

पायरी ४: कुठे मोडलं ते विचारा

"फ्रॅक्चर आहे" एवढं ऐकून परत येऊ नका. दोन प्रश्न विचाराच: हाड नेमकं कुठे मोडलं, आणि तुकडा सरकला आहे का?

कुठे, हे महत्त्वाचं का, ते आमच्याकडच्या माणसाला लगेच कळेल. पाटाचं पाणी वरच्या शेतांना मिळतं, टेलच्या, म्हणजे पाटाच्या शेवटच्या टोकाच्या, शेताला पोहोचेपर्यंत आटतं. मधे पाट फुटला तर टेलवाला कोरडाच. या हाडाचं रक्तही तसंच आहे, आणि त्यात पाट उलटा वाहतो. रक्तवाहिनी बोटांकडच्या बाजूने, कमरेच्या आसपास हाडात शिरते आणि तिथून मागे, कोपराकडच्या टोकाकडे जाते. ते मागचं टोक म्हणजे टेल. हाड कमरेत मोडलं की टेलचं पाणी कमी होतं. टेललाच मोडलं तर तो तुकडा कोरडा पडून मरूही शकतो.

म्हणून बोटांकडच्या टोकाला मोडलं असेल तर साधारण ६ ते ८ आठवडे लागतात. कमरेत मोडलं तर ८ ते १२. मागच्या टोकाला मोडलं तर १२ आठवड्यांपासून ६ महिन्यांपर्यंत. माझी चुलत बहीण आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) झोक्यावरून पडली, तिचं बोटांकडचं टोक मोडलं होतं. तिसऱ्या दिवशी प्लास्टर, सहा आठवड्यांनी निघालं, नागपंचमीला पुन्हा झोक्यावर. तिच्यावरून मी माझा हिशेब लावत होतो. हाड तेच असलं तरी शेत वेगळं होतं.

पायरी ५: प्लास्टर की स्क्रू

तुकडा सरकला नसेल आणि मोड कमरेत किंवा बोटांकडे असेल, तर प्लास्टर हा धड उपचार आहे, दुय्यम नाही. हे ठासून लिहितो, कारण आजकाल ज्याच्याकडे पैसे आहेत त्याने स्क्रू टाकून घ्यावा अशी हवा आहे. इंग्लंड आणि वेल्समधल्या ३१ रुग्णालयांत ४३९ प्रौढांवर याचा मोठा अभ्यास झाला, तो २०२० साली प्रसिद्ध झाला. हाड कमरेत मोडलेलं, तुकडा सरकला असला तरी २ मिलिमीटरच्या आत. अर्ध्यांना लगेच स्क्रू, अर्ध्यांना प्लास्टर, आणि प्लास्टरमधे ज्याचं जुळलं नाही त्याला लगोलग ऑपरेशन. वर्षभराने दोन्ही गटांच्या दुखण्यात आणि हाताच्या कामात लक्षात घेण्यासारखा फरक नव्हता. त्यातलं "जुळलं नाही त्याला लगोलग" हे वाक्य मात्र विसरू नका. प्लास्टरचा मार्ग चालतो तो पुढची तपासणी चुकवत नाही त्याच्यासाठी.

स्क्रूकडे डॉक्टर झुकतात ते असं: तुकडा १ मिलिमीटरहून जास्त सरकलेला, हाड कमरेत वाकलेलं, मोड मागच्या टोकाला, सोबत दुसरं हाड किंवा सांधा निखळलेला, किंवा उपचारालाच उशीर झालेला. शिवाय ज्याला महिनोन्महिने प्लास्टरमधे राहणं परवडणारच नाही, त्याच्याशीही ते ऑपरेशनचं बोलतात.

हा स्क्रू मोठा हुशार आहे. त्याला डोकं नसतं, त्यामुळे तो पूर्ण हाडाच्या आत जातो आणि सांध्यात काही टोचत नाही. दोन्ही टोकांच्या आट्यांचं अंतर वेगवेगळं असतं, म्हणून पिळताना दोन तुकडे आपोआप एकमेकांकडे ओढले जातात. टिमोथी हर्बर्ट या ऑस्ट्रेलियातल्या सर्जनने तो काढला, १९८४ साली त्याबद्दल लिहिलं, आणि अजून त्याच्याच नावाने तो ओळखला जातो. बहुतेक वेळा फक्त हात बधिर करून काम होतं, चीर लहान असते, आणि त्रास दिला नाही तर स्क्रू जन्मभर आतच राहतो. पण स्क्रू टाकला म्हणून हाड जुळलं असं नाही. तो दोन तुकडे धरून ठेवतो. जुळायचं काम हाडालाच करावं लागतं, आणि तोवर घड, गोणी, पंप काही उचलायचं नाही.

खर्चाचं: रेशनकार्ड आणि आधार घेऊन आधी महात्मा फुले जन आरोग्य योजनेच्या आरोग्यमित्राला भेटा. योजनेतल्या रुग्णालयात तो दारातच बसलेला असतो. आपल्या ऑपरेशनला योजना लागू होते का, हे त्याच्याकडून भरती होण्याआधी स्पष्ट करून घ्या, नंतर नाही. जळगाव, धुळे आणि नंदुरबार तिन्हीकडे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयं आहेत, तिथे अस्थिरोग विभागात दाखवता येतं.

पायरी ६: प्लास्टरमधले दिवस

पहिल्यांदा बहुधा कच्चं प्लास्टर घालतात, म्हणजे एका बाजूने उघडी पट्टी, सुजेला जागा राहावी म्हणून. सूज उतरल्यावर पक्कं. कोपर मोकळा असतो. काही डॉक्टर अंगठा आत घेतात, काही बाहेर ठेवतात. दोन्ही पद्धतींनी हाडं जुळतात, शेजाऱ्याच्या प्लास्टरशी आपलं ताडून भांडू नका. चार बोटं मुळापासून मोकळी वळली पाहिजेत, एवढं मात्र तिथेच बघून घ्या.

पहिले दोन-तीन दिवस हात उशीवर, छातीपेक्षा उंच. दर तासाला बोटं पूर्ण मिटा, पूर्ण उघडा, दहा वेळा. दिवसातून तीन-चारदा हात झोळीतून काढून डोक्यावर न्या आणि कोपर वाकवून सरळ करा. झोळी ही बाहेर जाताना धक्का लागू नये म्हणून आहे. मी ती चोवीस तास घालून हिंडलो, आणि मनगटाबरोबर खांदाही आखडून घेतला.

बोटं ताणली तर कळ येणं, गोळी घेऊनही दुखणं वाढतच जाणं, बोटं थंड-निळी किंवा बधिर होणं, हे दिसलं तर प्लास्टर आत आवळतंय. तेव्हा थांबू नका, लगेच दवाखान्यात जाऊन ते फोडून सैल करून घ्या. उलटही होतं. आठ-दहा दिवसांत सूज उतरते आणि प्लास्टर ढगळ होतं. आत मनगट हलत असेल तर ते प्लास्टर नसल्यात जमा आहे, बदलून घ्या.

आता उन्हाळा. आमच्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास जातो, आणि प्लास्टरच्या आत काय होतं ते ज्याने सोसलं त्यालाच ठाऊक. निवड असेल तर फायबरचं घ्या, हलकं असतं आणि थोडी हवा खेळते. खाज सुटली की झाडूची काडी, सळई, पेन आत घालू नका. आतली कातडी ओली आणि नरम झालेली असते, तिला ओरखडा गेला की पिकतं. प्लास्टरवर बाहेरून टिचक्या मारा, किंवा केस वाळवायच्या यंत्राची गार हवा तोंडाशी सोडा. कूलरपुढे प्लास्टर धरून बसायचा मोह होतो. साध्या प्लास्टरला ती दमट हवा बाधते, पंखा बरा. अंघोळीला हातावर दुधाची मोठी पिशवी चढवून वर रबर लावा आणि हात बादलीबाहेर ठेवा. फायबर बाहेरून भिजत नाही, पण आतला कापूस भिजतो आणि दिवसभर वाळत नाही. शेतात गेलातच तर प्लास्टरच्या तोंडाला मोजा ओढा. कपाशीचा कचरा एकदा आत गेला की गेला.

काही गोष्टी दवाखान्यात कुणी सांगत नाही. उजवा हात गेला तर पंगतीत डाव्या हाताने जेवावं लागतं, म्हातारी माणसं बघतात, बघू द्या. कळण्याची भाकरी एका हाताने मोडत नाही, ती कुणाकडून तरी कुस्करून घ्या आणि भरीत चमच्याने खा. डावा हात गेला तर सकाळचा प्रश्न उभा राहतो. संडासात नळाला जोडायचा हाताचा फवारा शंभर सबबी न सांगता पहिल्याच दिवशी बसवून घ्या. सदऱ्यापेक्षा बंडी किंवा अर्ध्या बाहीचा सैल शर्ट, आणि नाडीऐवजी इलॅस्टिक. मांडी घालून बसणाऱ्या माणसाला एक सवय मोडावी लागते, ती म्हणजे उठताना तळहात जमिनीला टेकणं. पडताना जो भार हाडावर आला होता, तोच रोज दहा वेळा येतो. मी खाटेवर बसायला लागलो तो याचसाठी.

आणि तंबाखू. चुना मळून, बिडी, गुटखा, बायांची मिश्री, सगळं एकाच हिशेबात. निकोटीनने बारीक रक्तवाहिन्या आकसतात, आणि टेलला पाणी आधीच कमी आहे. तंबाखू ओढणाऱ्यांची हाडं उशिरा जुळतात, न जुळण्याचं प्रमाणही जास्त असतं. डॉक्टरांनी मला हे दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना माझ्या खिशातली पुडी त्यांच्या टेबलावरच होती.

दुखण्याच्या गोळ्या मेडिकलवाल्याला विचारून महिनाभर खाऊ नका, डॉक्टरांनी दिल्या तेवढ्याच. साखर असेल तर ती आटोक्यात ठेवा. खाण्यात जादू काही नाही. दादर ज्वारीची भाकरी, उडदाची-तुरीची दाळ, दूध, चालत असतील तर अंडी, पोटभर.

पायरी ७: जुळलं का?

प्लास्टर कापायचं यंत्र करवतीसारखा आवाज करतं, पण त्याचं पातं फिरत नाही, थरथरतं. कातडी कापत नाही. आत जो हात निघतो तो आपला वाटत नाही. बारीक, कोंडा धरलेला, केसाळ. घासू नका. कोमट पाण्यात बुडवा, खोबरेल लावा.

मग पुन्हा खाच दाबून बघतात आणि फोटो काढतात. फोटो इथेही गोंधळात टाकू शकतो, म्हणून शंका असेल तर सीटी. कामावर परतायच्या आधी, विशेषतः काम जड असेल तर, "सीटी करू या का?" असं तुम्ही विचारलं तरी चालतं. दुखत नाही एवढ्यावर कुणी मोकळं करत असेल, तर अजून एकदा विचारा.

दुखत नाही म्हणून मी काय केलं ते सांगून टाकतो. जून गेला, जुलै गेला. फवारणी केली, खत टाकलं. पोळ्याला बैलाचं दावं ओढताना मनगटातून अशी कळ गेली की दावं सुटलं. फोटोत शेंगेच्या कमरेत उभी फट होती, दोन्ही कडा गुळगुळीत झालेल्या. म्हणजे हाडाने जुळायचा नाद सोडला होता.

त्याचा उपचार असा: फटीतलं मेलेलं खरवडून काढतात, कमरेच्या हाडातून (आपल्या कमरेच्या, शेंगेच्या नव्हे) किंवा मनगटाजवळच्या मोठ्या हाडातून थोडं हाड घेऊन तिथे भरतात आणि वर स्क्रू. मागचा तुकडा कोरडा पडला असेल तर रक्तवाहिनीसकट हाडाचा तुकडा फिरवून आणतात, ते काम हाताच्या सर्जनचं. दिवाळीच्या आधी माझं झालं. मनगटापेक्षा कमरेची चीर जास्त दिवस दुखली. ऑपरेशन न करता तसंच सोडलं असतं तर? मनगटाची हाडं हळूहळू चुकीच्या जागी घासत जातात, आणि काही वर्षांनी सांधा झिजतो. तोवर बऱ्याच जणांना फारसं दुखतही नाही.

पायरी ८: हालचाल, मग जोर, मग काम

हा क्रम उलटा करायचा नाही.

पहिले काही आठवडे फक्त हालचाल. हात टेबलावर, मनगट काठाबाहेर. पंजा वर, खाली. मग अंगठ्याकडे, करंगळीकडे. कोपर अंगाला चिकटवून तळहात आकाशाकडे, मग जमिनीकडे. अंगठ्याचं टोक एकेका बोटाच्या टोकाला. दहा-दहा वेळा, दिवसातून तीन-चारदा, कोमट पाण्यात हात बुडवल्यावर. ताण जाणवला पाहिजे. रात्री ठणका लागला तर दिवसा जास्त झालं. दुसऱ्याकडून जोर लावून मनगट मुडपून घेऊ नका, मालीशवाल्याकडून तर नाहीच.

किती सुधारलं ते मोजायला नमस्कार पुरतो. छातीसमोर हात जोडा आणि तळवे न सोडता कोपर वर न्या. जिथे तळवे सुटायला लागतात, तो तुमचा आजचा आकडा. मनगट मागे वळणं सर्वांत शेवटी येतं.

जुळल्याची खात्री झाल्यावरच जोर. मऊ कणीक दाबणं, ओलं फडकं पिळणं, मग अर्धा लिटर पाण्याची बाटली धरून मनगट वर-खाली. फिजिओ परवडत असेल तर दोन-तीन वेळा तरी दाखवा, बाकी घरी होतं.

लिहिणं, मोबाईल, जेवणं आधी येतं. गाडी कधी चालवायची? हाड जुळल्याचं डॉक्टरांनी सांगितल्यावर, उभ्या गाडीवर बसून पुढचा ब्रेक पूर्ण दाबा, वीस वेळा. एकदाही हात आखडता घ्यावासा वाटला तर अजून नाही. कापूस वेचणं हलकं वाटतं, पण दिवसभर मनगट वळतं, म्हणून अर्ध्या दिवसापासून सुरुवात करा. भाकरी थापणं फसवं आहे. तळहाताच्या टाचेने शेकडो धपके बसतात, आणि तेही मनगट मागे वळवून. आधी पोळ्या लाटा, भाकरी नंतर. खापरावरचे मांडे करणाऱ्या बायांनी तर तो मोसम सोडूनच द्यावा. सूर्यनमस्कार, दंड, कबड्डी आणि केळीचा घड, जिथे जिथे तळहातावर अंगाचा किंवा वीस-पंचवीस किलोचा भार येतो, ते सगळ्यांत शेवटी, जुळल्याची खात्री झाल्यावर आणि डॉक्टरांना नाव घेऊन विचारून. "काम करू का?" असं विचारू नका, "घड उचलू का?" असं विचारा. नुसत्या कामाला ते हो म्हणतात, त्यांच्या डोळ्यांपुढे टेबल-खुर्ची असते.

मी पहिला घड उचलला तो पुढच्या पोळ्याच्या आठवड्यात. नमस्कारात माझा उजवा तळवा अजून डाव्याच्या आधी सुटतो, तो तसाच राहील असं फिजिओ म्हणतात. थंडीत सकाळी मनगट कुरकुरतं. तुमचंही कधी पुन्हा दुखू लागलं, तर नव्या डॉक्टरांना पहिल्या दिवसापासूनचे सगळे फोटो, सीटी आणि ऑपरेशनचा कागद लागेल. माझी ती पिशवी कपाटात सातबाऱ्याच्या फाइलीशेजारी ठेवलेली आहे.